भोपळा, ठिणगी आणि मधली मोकळी जागा

"बाई, ठिणगी गेली," प्लास्टरमामा म्हणाले.

बारकीनं आधी बर्नरकडे पाहिलं. ज्योत व्यवस्थित होती. मेणकामाची सुरी त्या ज्योतीवर तापवून ती एका म्हाताऱ्याच्या वरच्या कवळीत दात बसवत होती, आणि पुढचे दोन दात काही केल्या एकमेकांशी जमवून घेत नव्हते.

"कुठं गेली? ही काय, जळतेय की."

"अहो, ही नव्हे. ताईंच्या पुस्तकातली. आज येताना बसमध्ये शेवटचं पान संपवलं. फुटली ठिणगी. जाताना भोपळ्यालाही घेऊन गेली. जोडसावली, तिच्या शेजारचे ग्रह, सगळं बेचिराख." मामांचा चेहरा असा पडला होता, की जणू घरातलंच कुणी गेलंय. "तुम्हाला ठाऊक असेलच म्हणा. तुमची तर सख्खी बहीण."

बारकीला ठाऊक नव्हतं. तिच्या हातातली सुरी मेणात जरा जास्तच खोल गेली आणि पुढचा दात टपकन टेबलावर पडला.

बारकी कवळ्या करायची. दातांच्या दवाखान्यांतून जबड्यांचे ठसे यायचे, मामा त्यांत प्लास्टर ओतून साचे काढायचे, आणि त्या साच्यांवर बारकी मेणाची हिरडी चढवून एकेक दात लावायची. मग मेण वितळवायचं, त्या जागी गुलाबी मसाला दाबून भरायचा, शिजवायचा, घासूनपुसून लखलखीत करायचा. लग्नाच्या वयात ती या कामाला लागली. लग्न राहून गेलं, काम मात्र अंगाला चिकटलं. आता केस पिकायला लागले होते, अंगानंही ती चांगली भरली होती, पण लहानपणी पडलेलं 'बारकी' हे नाव काही सुटलं नव्हतं. इथंही सगळे तिला मागून बारकीबाईच म्हणत.

तिची थोरली बहीण लेखिका होती. साधीसुधी नव्हे, पोरंटोरं रांगा लावून सही घेतात तसली. तिच्या जाडजूड पुस्तकांची एक माळच होती, आणि त्या सगळ्या पुस्तकांचं विश्व एकच. एक प्रचंड काळा ओघ, त्याच्या दोन्ही काठांना वसलेले तारे, आणि त्यांच्यामधून जहाजं हाकणारे नावाडी. या ओघाच्या पार टोकाला, जिथून जहाजं परत फिरतात तिथं, एक जोडतारा होता. मोठा, फुगलेला, नारिंगी तो भोपळा. आणि लहान, पांढरीशुभ्र, डोळ्यांत घुसणारी ती ठिणगी. दोघं एकमेकांभोवती फिरायचे. त्यांच्या मधोमध काहीच नव्हतं. त्या काहीच नसलेल्या जागेला नावाडी 'मोकळं' म्हणत, आणि अख्ख्या विश्वातलं प्रत्येक अंतर त्या मोकळ्यापासून मोजलं जाई. का, तर तेवढी एकच जागा कुणाच्या मालकीची नव्हती. कुठल्याही राजाच्या राजधानीपासून मोजलं असतं तर दुसऱ्यानं लढाई काढली असती.

हे सगळं वाचकांना पाठ होतं. वाचकांना ठाऊक नव्हतं ते एवढंच, की हे मोकळं बारकीच्या एका रडारडीतून निघालं होतं.

दोघी बहिणींना एकदम गोवर निघाला होता तेव्हाची गोष्ट. ताई शाळेत वरच्या वर्गात, बारकी नुकती अक्षरं जोडायला लागलेली. आई धुलाईच्या कारखान्यात कामाला, अण्णा गोदामावर. दोघींना खोलीत ठेवून बाहेरून कडी घातलेली. खोलीत एक पिवळा दिवा होता, आणि समोरच्या बर्फाच्या कारखान्याच्या फाटकावर एक पांढरा. संध्याकाळी दोन्ही लागले की भिंतीवर प्रत्येकीच्या दोन सावल्या पडायच्या. एक ढेरपोटी, मऊ; दुसरी बारकी, सुरीनं कापल्यासारखी. बारकीला तापातही त्याचं इतकं नवल वाटलं, की तिनं ताईला हलवून जागं केलं. "ताई, आपण चौघी आहोत!"

तिथून सुरू झालं. पिवळा तो भोपळा, पांढरी ती ठिणगी. त्यांच्या उजेडात राहणारी माणसं जोडसावलीची. नावं ठेवण्यात ताई पटाईत, कायदे करण्यात बारकी. कुणाच्याही बारक्या सावलीवर पाय द्यायचा नाही, हा पहिला कायदा तिचाच. मग भांडण लागलं मधे कोण यावरून. ताई म्हणाली, भोपळा मोठा, म्हणजे तोच मधे. ठिणगी त्याच्याभोवती घिरट्या घालणार. बारकीनं भोकाड पसरलं. औषधाचा चमचा भिरकावला. शेवटी ताईनं वैतागून तिचे हात धरले आणि दोघी खोलीभर गरगर फिरल्या, आणि धापा टाकत बारकीनं निकाल दिला: "दोघं फिरू देत. मधे कुणीच नको."

पुढं ताई शिकायला दुसऱ्या गावी गेली, तिथंच राहिली, लिहू लागली. पहिल्याच पुस्तकात तिनं भोपळा आणि ठिणगी घातली. बारकीनं ते वाचलं तेव्हा तिला कोण आनंद झाला! आपलं नाव नाही, हे तिच्या लक्षातसुद्धा आलं नाही. मग दर रविवारी ताईचा फोन यायचा. अण्णांचं अर्धं अंग तोवर लुळं पडलं होतं, आई वारली होती, आणि बारकी कामावरून आली की अण्णांचं सगळं करायची. एका हातानं त्यांना पेज भरवायची आणि दुसऱ्यानं फोन कानाशी धरायची.

"बारके, जोडसावलीवर चोरी झाली तर काय करतात गं?"

"चोराची बारकी सावली काढून घेतात."

"म्हणजे?"

"म्हणजे ठिणगी वर असेतो त्यानं घराबाहेर पडायचं नाही. फक्त भोपळ्याच्या उजेडात फिरायचं. एकच सावली घेऊन. लोक बघतात, त्याला लाज वाटते."

"थांब, थांब, लिहून घेते."

अशी वर्षं गेली. मग अण्णा गेले. ताई आली, तीन दिवस राहिली, आणि निघताना सगळ्या नातेवाइकांदेखत म्हणाली, "आता तरी हिनं स्वतःच्या पायांवर उभं राहावं." जन्मभर कवळ्या घासून घर चालवणाऱ्या बाईला! चुलत काकू माना डोलावून "हो बाई, हो" म्हणाल्या. बारकी तेव्हा गप्प बसली, कारण घरात रडणारी माणसं होती. त्यानंतर रविवारचे फोन बंद झाले. दोघींपैकी कुणीच कारण विचारलं नाही.

मामांनी पुस्तक दिलं. बारकीनं ते जेवणाच्या सुट्टीत उघडलं आणि डबा तसाच राहिला. शेवटची प्रकरणं तिनं उभ्यानंच वाचली, प्लास्टरच्या पोत्याला टेकून.

ठिणगी चोरटी निघाली होती. ती म्हणे युगानुयुगं भोपळ्याचा उजेड गुपचूप पीत होती. भोपळा दिवसेंदिवस फिका पडत गेला, तरी बिचारा तक्रार करेना. ठिणगी पीत राहिली, पोट फुटेतो पीत राहिली, आणि एके दिवशी खरंच फुटली. सगळं जळून गेल्यावर एक म्हातारा नावाडी त्या धुराळ्याकडे बघून म्हणतो, "तिला फक्त घेणं ठाऊक होतं." प्रकरण संपलं.

बारकीनं ते वाक्य पुन्हा वाचलं. हे कुठल्या ताऱ्याबद्दल लिहिलेलं नव्हतं. चुलत काकूसुद्धा वाचून सांगतील, हे कुणाबद्दल आहे ते.

दुपारी तिनं म्हाताऱ्याच्या कवळीचा साचा दाबयंत्रात घातला आणि दांडा फिरवत राहिली, फिरवत राहिली. मामा ओरडले, "अहो बाई, बास!" तोवर आतून 'कट्' असा आवाज आला होता. साचा उघडला तर पुढचा दात मधोमध तडकलेला.

"फुटला ना," मामा हळहळले.

"फुटू दे," बारकी म्हणाली. "सगळंच फुटतंय तर हा कशाला राहील." पण कवळीची वाट बघणारा म्हातारा पातळ भातावर दिवस काढत होता, हे तिला ठाऊक होतं. संध्याकाळपर्यंत बसून तिनं ती पुन्हा केली. चांगली केली. रागात हात अजिबात थरथरला नाही, याचंच तिला नवल वाटलं.

सुट्टीच्या दिवशी सकाळी तिनं बस धरली आणि ताईचं घर गाठलं.

दार भावोजींनी उघडलं. स्वभावानं गोड माणूस, कुणाचंही भांडण दिसलं की मधे विनोद नेऊन ठेवणारा. "अरे वा, बारके! न सांगता? ये, ये. तुझी ताई आज फार खुशीत आहे, नवं पुस्तक तुफान चाललंय."

"तेच बघायला आले," बारकी म्हणाली आणि चपला न काढता आत गेली.

ताई खिडकीपाशी मोठ्या टेबलाशी बसली होती. भिंतीवर तिच्या विश्वाचा नकाशा, चौकटीत घालून टांगलेला: काळा ओघ, काठांवरचे ठिपके आणि टोकाला दोन गोल, एक नारिंगी, एक पांढरा. बारकीला बघून ती उठली. चेहऱ्यावर हसू आलं, आणि बारकीच्या हातातलं पुस्तक दिसताच ते जिथल्या तिथं थांबलं.

"वाचलंस?"

"वाचलं."

"बस तरी."

"बसायला नाही आले. मी काय घेतलं तुझं, ते सांग."

"हे बघ, कथा आहे ती. तारा आहे तो. तारे फुटतात, बारके. कुणालाही विचार."

"तारे फुटतात, कबूल. पण 'तिला फक्त घेणं ठाऊक होतं' असं ताऱ्याला कुणी म्हणत नाही. असं बहिणीला म्हणतात."

भावोजी दारातून म्हणाले, "मी काय म्हणतो, चहा टाकतो. आधी चहा घ्या, मग विश्व बुडवा."

"भावोजी, तुम्ही आत जा," दोघी बहिणी एकदम म्हणाल्या. ते गेले.

मग बारकीचा बांध फुटला. इतकी वर्षं तिला माहीतही नव्हतं की आत एवढं साठलंय. "अण्णांचं कोण करत होतं? त्यांचे कपडे, त्यांचं अंग, त्यांच्या रात्रीच्या हाका? आणि त्यातून तुझे रविवार! तू विचारायचीस, मी द्यायचे. चोरीचा कायदा माझा. सावलीवर पाय न देणं माझं. मोकळं माझं! एकदा तरी कुठं लिहिलंस? कोपऱ्यात, बारक्या अक्षरांत? मला नको होतं गं, मी मागितलंसुद्धा नाही. पण वर तूच मला चोर ठरवतेस? सगळ्या गावाला वाचायला देतेस? कुठल्या तोंडानं?"

ताईचा चेहरा आधी लाल झाला, मग पांढरा. "झालं बोलून?"

"नाही झालं!"

"मग माझंही ऐक." ताईचा आवाज चढला. आता तीही चिडली होती, आणि तिचा राग बारकीच्या रागाइतकाच जुना होता. "तुला वाटतं मला सोपं होतं? दर रविवारी माझ्याच पुस्तकात पुढं काय होतं ते मी तुला विचारायचे. माझ्या पुस्तकात! तू पेज भरवता भरवता सांगायचीस. विचारही करावा लागायचा नाही तुला. मी आठवडाभर डोकं आपटायचे आणि तू म्हणायचीस, 'त्यात काय, त्याची सावली काढून घेतात.' फोन ठेवला की मला रडू यायचं. लोक म्हणायचे, काय प्रतिभा! आणि मला माहीत असायचं कुणाची. मला नको होतं हे विचारणं. जोडसावली होती तोवर मला तुझ्याशिवाय एक पान सरकवता येत नव्हतं. म्हणून संपवली. एकदाची संपवली."

आत भावोजींनी कप खाली ठेवल्याचा आवाज आला.

बारकीला वाटलं होतं, ताई खोटं बोलेल, उडवाउडवी करेल. खरं ऐकायला ती तयार होऊन आली नव्हती. पण खरं ऐकून राग कमी व्हायला हवा होता, तो उलट वाढला.

"म्हणजे तुला माहीत होतं," ती हळू म्हणाली. "कोण कुणाचं पितंय ते तुला चांगलं माहीत होतं. तरी तू उलटं लिहिलंस."

ताईनं मान फिरवली.

"ते वाक्य काढ. पुढच्या खेपेला छापशील तेव्हा काढ. बाकी फोड हवं ते."

"लोकांना तेच वाक्य सगळ्यात आवडलंय, बारके."

"लोकांना आवडू दे! लोकांच्या घरी नाही मी राहात." बारकी भिंतीवरच्या नकाशाकडे गेली. "आणि तुला वाटतं तू संपवलंस? तारे गेले. मोकळं कुठं गेलं? जिथं काहीच नाही ते कसं फोडणार तू? तुझी जहाजं अजून तिथूनच अंतर मोजणार ना? पण आजूबाजूला दोन दिवे नसताना त्यांना ती जागा सापडणार कशी?"

ताई नकाशाकडे बघत राहिली. हे तिच्या ध्यानातच आलं नव्हतं, हे तिच्या कपाळावर लख्ख दिसलं. तिचे ओठ जरासे उघडले, हात टेबलावरच्या पेन्सिलीकडे गेला, आणि तिच्या तोंडून अगदी नकळत, रविवारच्या त्या जुन्या आवाजात निघालं:

"मग काय करतील गं नावाडी?"

बारकीच्या जिभेवर उत्तर तयार होतं. सगळं, कायद्यासकट. डोळ्यांपुढं नावाडी दिसायलाही लागले होते. तिनं तोंड उघडलं, आणि मग ताईच्या हातातली पेन्सिल पाहिली.

तोंड मिटायला तिला फार जोर लावावा लागला. दाबयंत्राचा दांडा फिरवायला लागतो त्याहून जास्त.

"तुझं पुस्तक आहे," ती म्हणाली. "तू बघ."

ती चहा न घेता निघाली. भावोजी जिन्यापर्यंत कप घेऊन धावले, "अगं, निदान दोन घोट." त्यांच्यावर तिचा राग नव्हता, म्हणून तिनं जिन्यातच उभं राहून तो प्यायला, कप त्यांच्या हातात दिला आणि खाली उतरली. बसमध्ये तिला रडू आलं. शेजारच्या बाईनं सरकून जागा करून दिली आणि काही विचारलं नाही, याबद्दल बारकीनं मनातल्या मनात तिचे आभार मानले.

मामांना तिनं दुसऱ्याच दिवशी सांगितलं. सगळं नाही, बहिणीची लक्तरं तिला वेशीवर टांगायची नव्हती. पण जेवायला बसल्यावर मामा पुन्हा हळहळायला लागले, "आता त्या बिचाऱ्या नावाड्यांनी अंतर कुठून मोजायचं?" तेव्हा तिनं घास खाली ठेवला आणि म्हणाली, "ऐका. मोकळ्यावर आळीपाळीनं एकेक जहाज उभं राहतं. प्रत्येक काठाचं एक. कंदील लावून. पाळी संपली की कंदील दुसऱ्याच्या हातात द्यायचा. आणि पाळीवर असताना त्या नावाड्याला कुणी गाव विचारायचं नाही."

"का?"

"गाव सांगितलं की जागा त्याच्या गावाची होते."

मामांचा घास हातातच राहिला. "हे पुस्तकात नाहीये."

"नाही."

"मग कुठंय?"

"इथं," बारकी म्हणाली आणि जेवायला लागली. "उद्या पुढचं सांगते." पॉलिशच्या यंत्रावरची मुलगीही आपला डबा उचलून जवळ येऊन बसली.

पुस्तकाची दुसरी आवृत्ती काही महिन्यांनी निघाली. मामांनी ती दुकानात उभं राहून चाळली आणि येऊन सांगितलं, "बाई, ते वाक्य नाहीये हो. नावाडी नुसता बघतो आणि जहाज वळवतो." मागं कुठला खुलासा नाही, पुढं आभार नाहीत, बारकीचं नाव नाही. बारकीला बरं वाटलं, आणि बरं वाटल्याचाच राग आला. एवढ्याशानं विरघळायला आपण काय मेण आहोत?

ताईनं त्यानंतर बराच काळ काही छापलं नाही. ती नवं विश्व मांडतेय म्हणे, असं भावोजींकडून कळलं. रोज सकाळी बसते, संध्याकाळी कागद फाडते. "तू एक फोन कर ना तिला," ते म्हणाले. बारकी म्हणाली, "तिच्याकडे आहे माझा नंबर."

मग एका मंगळवारी, भर कामाच्या वेळेला, फोन वाजला. बारकीच्या बोटांना प्लास्टर लागलेलं. तिनं खांद्यानंच तो कानाशी दाबला. पलीकडे नुसता श्वास. ताई लहानपणापासून अशीच, काही मागायचं असलं की आधी श्वास.

"बोल," बारकी म्हणाली.

"कशी आहेस?"

"कामात आहे."

"बारके, कवळीतल्या दातांचा रंग कसा ठरवतात गं? म्हणजे सगळे एकसारखे पांढरे करतात, का..."

बारकीनं समोरच्या पट्टीकडे पाहिलं. रांगेनं लावलेले नमुन्याचे दात, पिवळट, करडे, दुधी. या पट्टीबद्दल ती तासभर बोलू शकली असती. माणूस हसायला लाजतो की नाही, हे त्यानं निवडलेल्या छटेवरून तिला कसं कळतं तेही. कवळ्यांबद्दल घरच्या माणसानं तिला कधी काही विचारलं नव्हतं.

"पुस्तकासाठी विचारतेस?"

"नाही," ताई म्हणाली. मग थांबून, "हो."

"त्यात माझं नाव येणार?"

"येणार."

"मोठ्या अक्षरांत?"

"हो गं बाई, मोठ्या अक्षरांत."

"मग आधी नाव छापून ते पान पाठव," बारकी म्हणाली. "मग सांगते." आणि फोन खिशात टाकून तिनं सुरी पुन्हा ज्योतीवर धरली.